सात पाऊस, तीन हाका

मुलिंगे कधी मोठ्यानं बोलला, असं डोंगराच्या या कुशीतलं कुणी सांगणार नाही. मधमाश्यांत वावरणाऱ्या माणसाचा आवाज आपोआप बसतो. गोरखचिंचेच्या फांदीला टांगलेल्या पोकळ ओंडक्याला कान लावायचा, आत पोळं किती भरलंय ते ऐकायचं आणि खाली उभ्या बायकोला बोटांनी सांगायचं, हे त्यानं पन्नास वर्षं केलं. चार बोटं दाखवली की चार आठवडे थांबायचं. मुलिंगेकडं काही विचारायला जायचं तर डोळे घेऊन जावं, कान घरी ठेवले तरी चालतील, असं गावातली टवाळ मंडळी म्हणायची.

अशा माणसाच्या वाट्याला कोर्ट आलं. तेही एकदा होऊन थांबलं नाही, अपिलापर्यंत गेलं.

जमीन सहा एकर. वर डोंगराकडं खडकाळ उतार, खाली कोरडी नदी, आणि नदीच्या अलीकडं घायपाताचा लांबच लांब बांध. घायपाताच्या अलीकडं मुलिंगेचं घर, त्याच्या बापाची कबर, दोन जुनाट गोरखचिंचा आणि त्यांवर टांगलेले चाळीस ओंडके. पलीकडं चुलतभाऊ किएती. दोघांचे बाप सख्खे भाऊ. ते जिवंत होते तोवर या बांधाबद्दल कुणी चकार शब्द काढला नाही. ते गेले, सरकारी मोजणीवाले साखळ्या घेऊन आले आणि किएती म्हणाला, "बांध हितं नव्हताच. चुलत्यानं सरकवलाय."

किएतीनं दावा लावला. खालच्या कोर्टाचा साहेब स्वतः येऊन जागा बघून गेला. वरच्या उताराजवळ त्याला जुन्या हद्दीच्या झाडाचा बुंधा सापडला. त्यानं सहाच्या सहा एकर किएतीला दिले.

मुलिंगेची पोरगी वायुआ शहरात शाळेचे गणवेश शिवायची. तिनं वकील गाठला, अपील दाखल केलं आणि घर खाली करायच्या हुकमाला स्थगिती मिळवली. वकील तोंडाचा गोड होता. तो म्हणाला, "काका, अपील जिवंत आहे तोवर तुमच्या कुडाच्या काडीलाही कुणी हात लावणार नाही. पण अपील ही दुभती शेळी आहे. वेळच्या वेळी धार काढायला या. वर्षभर कुणी फिरकलं नाही तर कोर्ट म्हणतं, याला गरज नाही, आणि काढून टाकतं."

मुलिंगेनं मान हलवली. मान हलवणं त्याला सोपं जायचं.

अपिलाला दोन महिने झाले असतील. किएतीची गाय घायपात ओलांडून आली, मुलिंगेच्या मेव्हण्यानं तिला दगड मारला, आणि घटकाभरात बांधाच्या दोन्ही अंगांना कोयते घेतलेली माणसं उभी राहिली. रक्त सांडलं नाही, कारण म्हातारा म्बालुका काठी टेकत मधे आला. पंचांत सगळ्यांत वडील तोच. किथितू, म्हणजे खोट्याला खाणारी शपथेची वस्तू, त्याच्याच ताब्यात असायची. ती कसली असते ते सांगू नये. कातड्यात गुंडाळलेलं शिंग असतं एवढं पुरे. ती घरात नेत नाहीत, दारासमोरून नेत नाहीत, झुडपात दगडाखाली ठेवतात.

म्बालुका म्हणाला, "कागूद लांब हाय आन् कोयता जवळ हाय. त्या सायबाला तुमचा बाप ठावं न्हाई, आजा ठावं न्हाई. दोघंबी किथितू घ्या. लबाड कोन ते तीच बगंल."

"मी तयार हाय," किएती लगेच म्हणाला. मग मुलिंगेकडं वळून म्हणाला, "का रं? माश्यांनी जीभ चावली का तुजी?"

सगळे बघत होते. नको म्हणणं म्हणजे मी खोटा असं चारचौघांत कबूल करणं. मुलिंगेच्या तोंडाला कोरड पडली. तो म्हणाला, "मीबी तयार हाय."

त्याला कोरड का पडली ते तिथं कुणाला माहीत नव्हतं. त्याच्या लग्नाला महिना झाला नव्हता तेव्हाची गोष्ट. किएती आणि त्याचा बाप ढोरं घेऊन महिनाभर लांबच्या पाण्यावर गेले होते. बापानं मुलिंगेला सोबत घेतलं आणि वरचा घायपात एकेक कंद उपटून खाली नदीकडं आणून लावला. मुलिंगे कंद वाहत होता. सगळं झाल्यावर बाप म्हणाला, "आता हा हितंच हुता." मुलिंगेनं मान हलवली. परत आलेल्या धाकट्या भावानं थोरल्यापुढं तोंड उघडलं नाही. पुढं मरताना बापानं बजावलं, मला त्या बांधाजवळ पुरा. मेलेला माणूस हद्दीवर राखणीला बसवला की जिता माणूस तोंड उघडत नाही, हे म्हाताऱ्याला पक्कं माहीत होतं.

किथितू नदीच्या पात्रात, गावाच्या नजरेआड घेतली. म्बालुकानं शिंग दगडावर ठेवलं. प्रत्येकाला सात काड्या दिल्या. एकेक काडी शिंगावर मारायची, मोडायची आणि शब्द बोलायचे. किएतीनं सात काड्या खाडखाड मोडल्या. मुलिंगेची पाचवी काडी ओली निघाली, मोडेना. त्यानं ती पिळून पिळून तोडली.

"ही जमीन घायपातापर्यंत माझ्या बापाची नसंल," तो म्हणाला, "तर हे मला खावो. माझ्या चुलीला खावो."

म्बालुकानं नियम सांगितले. एकमेकांच्या घरचा विस्तव घ्यायचा नाही. एकमेकांचा नमस्कार घ्यायचा नाही. आणि हा विषय कुठंच काढायचा नाही, घरात नाही, बाजारात नाही, कोर्टात तर नाहीच. सात पाऊस सरेपर्यंत किथितूला तिचं काम करू द्यायचं. आमच्याकडं वर्षाला दोन पाऊस, म्हणजे साडेतीन वर्षं. "मधीच ज्यो कुनी विषय काढंल," म्बालुका म्हणाला, "त्यो खरा असू दे न्हाईतर खोटा, ती आदी त्याच्याकडं वळंल."

मुलिंगे घरी आला. बायकोनं, स्योकाऊनं, पुढ्यात मक्याच्या कण्या आणि चवळी ठेवली. तो जेवला नाही.

"काय म्हनली तुमची पंचमंडळी?" तिनं विचारलं.

त्यानं सात बोटं दाखवली.

"म्हंजी सात आठवड्यांनी मध काडायचा का?"

तो हसला नाही.

पहिला पाऊस बरा झाला. दुसऱ्या पावसात त्याच्या तीन शेळ्या एकाच आठवड्यात फुगून मेल्या. शेळ्या फुगून मरतात, कोवळा पाला जास्त खाल्ला की सगळ्यांच्याच मरतात. पण कातडी सोलायला मदतीला आलेला शेजारी सुरी पुसून लगेच निघून गेला, मांसाचा वाटाही न घेता. मुलिंगे त्या तीन कातड्यांकडं बघत बसला.

वकिलाचे निरोप येत होते. खालच्या कोर्टाचे टाइप केलेले कागद घ्यायला या, सही करायला या. मुलिंगे गेला नाही. वायुआनं दोनदा सांगावा धाडला, एकदा स्वतः आली.

"बा, वकील म्हंतोय मला सूचनाच न्हाईत, मी किती दिस थांबू? त्यो अंग काडून घ्यायला लागलाय."

"काडू दे."

"आन् घर?"

सात पाऊस सरेपर्यंत गप्प राहायचं, हे त्यानं पोरीला कसं सांगावं? सांगणं हाच विषय काढणं झालं. तिला वाटलं म्हाताऱ्याचं डोकं चळलं. स्योकाऊ चुलीमागून म्हणाली, "जाऊ दे गं. तुज्या बाला माश्या जेवडं समजत्यात तेवडंबी वकील समजत न्हाई."

तिसरा पाऊस सरला आणि कोर्टाची नोटीस आली. ती किएतीनं धाडली नव्हती. कुणीच धाडली नव्हती. कोर्टात धूळ खात पडलेल्या फायली वर्षातून एकदा बाहेर निघतात, त्यांत ही निघाली. अमुक तारखेला येऊन सांगा, अपील काढून का टाकू नये. एवढंच. कोर्टाच्या हिशेबात वर्ष कधीच उलटून गेलं होतं. किथितूचे अजून चार पाऊस बाकी होते.

"आजवर गेला न्हाईस ते ऱ्हाऊ दे, पर ह्या डावाला जाच," वायुआ रडकुंडीला आली होती. "नुसतं उबं ऱ्हायाचं आन् म्हनायचं, हाय, मी हाय, मला अपील चालवायचंय. तेवड्यावरबी साहेब मुदत देतो म्हंत्यात. माजी दुपारपातुर सुट्टी न्हाई, न्हाईतर मीच आले असते."

"जातो," मुलिंगे म्हणाला.

तो गेला खरा. पहाटेच्या गाडीनं शहरात उतरला आणि कोर्टाच्या व्हरांड्यातल्या बाकावर टोकाला बसला. टोपी मांडीवर. उभं राहायचं की नाही, हे गाडीतही ठरलं नव्हतं आणि बाकावरही ठरत नव्हतं. उभं राहिलो तर घर राहील, पण विषय निघेल. नाही राहिलो तर घर जाईल.

थोड्या वेळानं बाक करकरला. दुसऱ्या टोकाला कुणीतरी बसलं होतं. मुलिंगेनं डोळ्याच्या कोपऱ्यातून बघितलं. किएती.

किएतीला यायचं काही कारण नव्हतं. त्यानं गप्प घरी बसावं, अपील आपोआप मरावं, असा त्याचा सोयीचा दिवस होता. तरी तो आला होता. तो कोर्टाच्या दाराकडं बघत नव्हता. तो मुलिंगेच्या गुडघ्यांकडं बघत होता, ते उठतात का ते बघायला.

आत एकेक फाईल पुकारली जात होती. काळ्या कोटातली माणसं पळत होती. दोन म्हातारे एका बाकावर हातभर अंतर ठेवून बसले होते. नमस्कार नाही, तंबाखूची देवाणघेवाण नाही. लहानपणी हेच दोघे एका शेळीच्या आचळाला दोन्हीकडून तोंड लावून दूध प्यायचे.

शिपाई दारात आला. त्यानं अपिलाचा नंबर पुकारला आणि मुलिंगेचं नाव घेतलं.

मुलिंगेचे गुडघे हलले. तेवढेच.

शिपायानं दुसऱ्यांदा पुकारलं, मोठ्यानं. समोरच्या बाकावरच्या एका बाईनं इकडंतिकडं बघितलं. किएतीचा हात काठीवर घट्ट झाला.

तिसऱ्यांदा शिपायानं नाव घेतलं ते जांभई देत. मुलिंगेनं जीभ दातांखाली धरली, इतकी की तोंडात खारट आलं. शिपाई आत वळला. आतून साहेबाचा आवाज आला, एक वाक्य, शिंक यायला लागतो तेवढा वेळ. मग पुढचा नंबर.

किएती उठला. जाताना त्याच्या तोंडावर आनंद नव्हता. जिंकलेल्या माणसाचं तोंड तसं नसतं. आपल्याला जे बघायचं नव्हतं ते बघून चाललेल्या माणसाचं असतं, तसं होतं. खोटा माणूस घर वाचवायला उठला असता. हा उठला नाही, म्हणजे याला किथितूची भीती घराहून जास्त. आणि ज्याला एवढी भीती, त्याला काहीतरी माहीत आहे.

दुपारी वायुआ धापा टाकत आली, गळ्यात मोजपट्टी तशीच.

"झालं? काय म्हनलं सायेब?"

"काडून टाकलं."

"हाक नव्हती मारली?"

"मारली. तीनदा."

"मग तू हुतास कुटं?"

त्यानं बाकाकडं बोट दाखवलं. वायुआ त्या बाकाकडं बघत राहिली. मग ती त्याच्याशेजारी बसली आणि कितीतरी वेळ बोलली नाही. त्या दिवशी पहिल्यांदा ती बापाची पोरगी दिसली.

वकील म्हणाला, अजून वाट आहे. मेलेलं अपील उठवता येतं. फक्त अर्ज, आणि सोबत प्रतिज्ञापत्र, की मी त्या दिवशी आजारी होतो, अंथरुणाला खिळून होतो, म्हणून आलो नाही. वायुआ कागद घेऊन गावी आली, पेन उघडून बापाच्या हातात दिलं.

"ह्ये काय हाय?"

"शपथ. कागदावरची."

मुलिंगेनं पेन असं खाली ठेवलं, जसा विंचू ठेवावा. "आंगावर एक शपथ हाय," तो म्हणाला. "तिच्यावर दुसरी खोटी घालू?" मग आपण बोललो हे लक्षात येऊन तो उठून झाडांकडं गेला.

स्थगिती उठली होती. किएतीच्या हातात आता हुकूम होता, हवं तेव्हा पोलीस आणून घर मोकळं करायचा. तो आला नाही. त्यानंही सात काड्या मोडल्या होत्या. हुकूम बजावणं म्हणजे विषय काढणं. तो रोज सकाळी दारात स्टूल टाकून बसायचा आणि आपल्याच जमिनीवरच्या परक्या घराकडं बघायचा.

चौथा पाऊस आलाच नाही. ढग डोंगरावर आले, बसले आणि कोरडेच उठून गेले. माश्या गेल्या. एका दिवसात अकरा ओंडके रिकामे. कान लावला तर आत काही नाही, नुसता वारा. मुलिंगेनं मनात मोजलं, चार झाले, तीन राहिले. विहिरीवर म्बालुका भेटला, तेव्हा त्यानं न विचारताच सांगितलं, "न पडलेला पाऊस मोजत न्हाईत."

त्या दुष्काळात स्योकाऊला खोकला लागला. आधी सकाळचा, मग दिवसभराचा. दवाखान्यातल्या गोळ्या झाल्या, इंजेक्शनं झाली. तिच्या फडक्यावर लाल ठिपके दिसू लागले. भाकरीच्या पिठाला येणाऱ्या बाया आता कुंपणाबाहेरूनच हाक मारायच्या. कुणी काही म्हणत नव्हतं. सगळे मोजत होते.

एक दिवस भर उन्हाच्या वेळी ती ओसरीत पडली होती. मुलिंगे तिच्याजवळ जाऊन बसला. बराच वेळ तो जमिनीवर रेघोट्या ओढत होता.

"तुला एक सांगायचंय," तो म्हणाला. "घायपाताचं."

"नगा सांगू." ती खोकली, फडकं तोंडाला लावलं, खाली घेतलं. "मी नवी नवरी हुते, पर आंदळी नव्हते. तुमचा बा मला रोज घागर घेऊन बांधावर धाडायचा. घायपाताला पानी घाल, म्हनायचा. घायपाताला कुनी पानी घालतं का ओ? खडकात उगवतंय ते. उपटून लावल्यालं असलं तरच मागतंय पानी."

मुलिंगे तिच्याकडं बघतच राहिला. "पन्नास वर्सं?"

"तुमी बोलला न्हाई, मग मी कशाला बोलू? माजंबी घर हितंच हुतं की." तिनं डोळे मिटले. "माजी चूल म्हनून शपथ घेतलीसा. इचारलं का चुलीला?"

दुसऱ्या दिवशी त्यानं वरच्या खडकाळ उतारावर, जिथं कुणाचाच वाद नव्हता, चार खांब रोवले. वायुआ पत्रे घेऊन आली. तिनं काही विचारलं नाही. आठ दिवसांत खोपट उभं राहिलं आणि त्यांनी स्योकाऊला बाजेसकट वर नेलं.

मग त्यानं कुदळ घेतली.

खालच्या टोकापासून सुरुवात केली, दिवसाउजेडी, सगळ्यांसमोर. एक कंद उपटायचा, खांद्यावर टाकायचा, उतार चढून जुन्या बुंध्यापाशी न्यायचा, लावायचा. पात्यांचे काटे मानेत घुसायचे. विशीतल्या अंगानं हे काम दोन आठवड्यांत केलं होतं. सत्तरीच्या अंगाला सव्वादोन महिने लागले. गाव बांधावर येऊन बघून जायचं. कुणी मदत केली नाही, कुणी हटकलंही नाही. किएती स्टुलावरून उठायचा नाही. एकेका कंदाबरोबर मुलिंगेचं घर किएतीकडं सरकत होतं. गोरखचिंचा सरकल्या. ओंडके सरकले. शेवटी बापाची कबर उरली. तिच्यापाशी मुलिंगे क्षणभर थांबला, थुंकला, आणि तिच्याजवळचाही कंद उपटला.

काम संपल्यावर तो म्बालुकाकडं गेला. म्हातारा आता आंधळा झाला होता, शेकोटीशेजारी बसून बोटांनी दोरी वळत होता.

"किथितू थंड करायचीय, शपथ उतरवायचीय," मुलिंगे म्हणाला. "शेळी मी देतो. जमीन सोडली. बांध हुता तिथं नेला."

म्बालुकाची बोटं थांबली.

"किती पाऊस झालं?"

"तीन. चवथा पडला न्हाई."

"म्हंजी चार हायतं अजून." म्हाताऱ्यानं दोरी परत वळायला घेतली. "थंड करायला दोघांची तोंडं लागत्यात. आन् सात सरल्याबिगर किएतीला तोंड उघडता येत न्हाई."

"मी एक सबूद बोललो न्हाई, बाबा. नुसता हातानं बांध न्हेला."

"व्हय. ऐकलं मी." म्बालुकानं आंधळे डोळे त्याच्याकडं वळवले. "बोलायचं न्हाई म्हनलं हुतं. हातानं चालतं असं मी कदी म्हनलं? म्या बापाकडनं ऐकल्यालं न्हाई, त्यानं त्याच्या बापाकडनं न्हाई. असं आजवर कुनी केलंच न्हाई. तू विषय मिटवलास का काडलास, ते मला सांगता येत न्हाई. तिला इचारता येत न्हाई. बगायचं."

मुलिंगे परत फिरला तेव्हा पूर्वेला ढग दाटले होते, खालून काळे. वारा मातीच्या वासाचा. उतारावर येताच तो थबकला.

नव्या बांधाशी किएती उभा होता. बांधाच्या त्याच्या बाजूला, हातात घागर. पाऊस डोक्यावर आलेला असताना तो एकेका कंदाच्या मुळाशी पाणी ओतत चालला होता, सावकाश, थेंबही बाहेर न सांडता. उपटून लावलेलंच पाणी मागतं, हे स्योकाऊचं बोलणं मुलिंगेला आठवलं. किएतीनं मान वर केली नाही. नमस्कार नव्हता. दोघांमध्ये एक कंद होता.

वर खोपटातून खोकल्याचा आवाज आला. एकदा, मग लागोपाठ, मग बराच वेळ काही नाही.

किएतीची घागर तिरकी तशीच थांबली. मुलिंगेनं, रिकाम्या ओंडक्याला लावायचा तसा, खोपटाकडं कान केला. दोघं म्हातारे ऐकत उभे राहिले. पावसाचा पहिला थेंब घायपाताच्या पात्यावर टपकला आणि मुलिंगेची बोटं, त्याला न विचारता, पाऊस मोजू लागली.